मिश्रणाचे गणित : भाव, प्रमाण आणि आपला व्यवहार



भोईवाडा-नायगावच्या आसपासची मुले संध्याकाळी विहाराच्या सभागृहात अभ्यासाला जमतात. त्यांना अंकगणित शिकविण्याचे काम आम्ही काही शिक्षक मंडळी यथाशक्ती करीत आलो आहोत. पोलीस भरती, रेल्वे, बँक, लोकसेवा आयोग अशा निरनिराळ्या परीक्षांची तयारी करणारी मुले येथे येतात. त्यांना सर्वांत जास्त कशाची भीती वाटते असे विचारले, तर ‘मिश्रणाची उदाहरणे’ हे उत्तर ठरलेले असते. “सर, सूत्र पाठ आहे, पण कोणता आकडा वर आणि कोणता खाली तेच कळत नाही,” ही तक्रार आम्ही शेकडो वेळा ऐकली आहे.

आमचा अनुभव असा की, दोष मुलांच्या बुद्धीचा नसतो. सूत्र आधी येते आणि अर्थ मागून येतो, किंवा येतच नाही, हा खरा दोष आहे. म्हणून प्रस्तुत लेखात सूत्र शेवटी ठेवून अर्थ आधी सांगण्याचे आम्ही योजिले आहे. ज्या प्रसंगाने आमचेच डोळे उघडले, तेथूनच सुरुवात करतो. लेखातील भाव उदाहरणासाठी घेतलेले आहेत. बाजारभाव दर हंगामात बदलतो, रीत मात्र बदलत नाही.

एका आईचा हिशेब

आमच्या वर्गातील एका मुलाच्या आईने उन्हाळ्यात लाल तिखट करून चाळीतल्या घरांना विकण्याचा लहानसा उद्योग सुरू केला. लालबागच्या मसाला गल्लीतून मिरची आणायची, घरी देठ काढून वाळवायची, डंकावर कुटून घ्यायची आणि पाव-पाव किलोच्या पुड्या करायच्या. रंगासाठी बेडगी आणि झणका येण्यासाठी संकेश्वरी, हे मिश्रण तिच्या हातचे. माल उत्तम होता. गिऱ्हाईक परत परत येत होते. परंतु हंगाम संपला तेव्हा डब्यात पैसे वाढण्याऐवजी कमी झालेले होते.

ती आम्हाला म्हणाली, “सर, भाव तर मी दोन्हीचा बरोबर लावला होता. चोरी नाही, उधारी नाही. मग पैसे गेले कुठे?”

आम्ही म्हणालो, “ताई, वही आणा. आपण मुलांसमोरच हिशेब करू.”

वहीत लिहिले होते : बेडगी ४०० रुपये किलो, संकेश्वरी २५० रुपये किलो. दोन्हींची बेरीज ६५०, निम्मे ३२५. म्हणजे मिरची ३२५ रुपयांनी पडली. डंकाची मजुरी किलोमागे ३० रुपये. एकूण ३५५. विक्री ३८० रुपयांनी. किलोमागे २५ रुपये सुटले.

वर्गातील बहुतेक मुलांनी माना डोलावल्या. एकालाही चूक दिसली नाही. आम्ही ताईंना विचारले, “दोन्ही मिरच्या सारख्याच घेता का?” त्या म्हणाल्या, “छे! बेडगी सात किलो, संकेश्वरी तीन. नाहीतर तिखट तोंडात घालवणार नाही.”

येथेच सारे गणित आहे. पुढील आकडेमोड मुलांनी फळ्यावर केली :

बेडगी ७ किलो × ४०० = २८०० रुपये
संकेश्वरी ३ किलो × २५० = ७५० रुपये
एकूण १० किलो = ३५५० रुपये
म्हणजे एक किलो = ३५५ रुपये.

ताईंनी धरला होता ३२५. किलोमागे ३० रुपयांची चूक येथेच झाली. महाग मिरची जास्त घेतल्यामुळे मिश्रणाचा भाव महाग मिरचीकडे सरकला होता. दोन भावांची बेरीज करून निम्मे करणे हे फक्त दोन्ही वस्तू सारख्या वजनाने घेतल्या असतील तेव्हाच खरे असते. एरवी नाही.

तेवढ्यात मागच्या बाकावरील एका मुलीने विचारले, “सर, देठ काढल्यावर मिरची दहा किलो कशी राहील?” आम्हाला हा प्रश्न आधी सुचला नव्हता हे प्रांजळपणे कबूल करतो. ताईंनी सांगितले की देठ जाऊन, उन्हात वाळून आणि कुटताना उडून दहा किलोचे साधारण नऊ किलो तिखट हाती येते. रक्कम तीच ३५५०, पण वजन आता ९ किलो. ३५५० भागिले ९ म्हणजे ३९४ रुपये ४४ पैसे. ज्या मिरचीचा भाव ताई ३२५ धरीत होत्या, ती प्रत्यक्षात ३९४ रुपयांच्या वर पडत होती!

आता पूर्ण हिशेब पाहा. मिरची ३५५० रुपये, डंकाची मजुरी नऊ किलोची २७० रुपये, एकूण खर्च ३८२० रुपये. विक्री नऊ किलो × ३८० = ३४२० रुपये. तोटा बरोबर ४०० रुपये. प्रत्येक दहा किलो मिरचीमागे ताई आपले कष्ट तर फुकट देत होत्याच, वर ४०० रुपये गिऱ्हाइकांना वाटत होत्या. तिखट जितके जास्त खपेल तितका तोटा जास्त. सभागृहात काही क्षण कोणी बोलले नाही. त्या दिवसानंतर ‘मिश्रणाचे गणित परीक्षेपुरते असते’ असे आमच्या वर्गात कोणी म्हटलेले नाही.

पहिला नियम

यावरून पहिला नियम मिळतो आणि तो एका ओळीत मावतो : मिश्रणाचा भाव म्हणजे एकूण रक्कम भागिले हाती आलेले एकूण वजन. भावाने भावाला भागायचे नाही, भावांची नुसती सरासरी काढायची नाही. आधी प्रत्येक वस्तूची रक्कम काढा, रकमा मिळवा, मगच वजनाने भागा.

उत्तर आले की एक तपासणी अवश्य करावी. मिश्रणाचा भाव नेहमी सर्वांत स्वस्त आणि सर्वांत महाग यांच्या मध्येच असला पाहिजे. तो बाहेर गेला तर आकडेमोड चुकली, किंवा मालात घट झाली आहे असे समजावे.

उलटा प्रश्न : प्रमाण किती?

परीक्षेत बहुधा उलटा प्रश्न येतो. भाव दिलेले असतात, मिश्रणाचा भावही दिलेला असतो, आणि प्रमाण विचारलेले असते. उदाहरणार्थ : ४०० रुपयांची बेडगी आणि २५० रुपयांची संकेश्वरी कोणत्या प्रमाणात मिसळावी, म्हणजे मिश्रण ३१० रुपये किलोने पडेल?

येथे सूत्राकडे धावू नका. असा विचार करा. आपण ३१० हा भाव ठरविला. बेडगीचा प्रत्येक किलो या भावाच्या ९० रुपये वर जातो. संकेश्वरीचा प्रत्येक किलो या भावाच्या ६० रुपये खाली राहतो. मिश्रण ३१० वर स्थिर राहायचे असेल तर जेवढे वर, तेवढेच खाली गेले पाहिजे. बेडगीच्या २ किलोंनी १८० रुपये वर गेले. संकेश्वरीच्या ३ किलोंनी १८० रुपये खाली आले. फिटंफाट झाली. म्हणून प्रमाण बेडगी २, संकेश्वरी ३.

पडताळा : २ × ४०० = ८००, ३ × २५० = ७५०, एकूण १५५०, भागिले ५ = ३१०. बरोबर.

आता लक्षात आले असेल की फरक ‘आडवे’ का लिहितात. बेडगीचा फरक ९० असूनही ९० भाग संकेश्वरीचे घ्यायचे, आणि संकेश्वरीचा फरक ६० असूनही ६० भाग बेडगीचे. कारण ज्याचा एकेक किलो भाव फार ओढतो, त्याचे किलो कमी लागतात. ज्याचा थोडा ओढतो, त्याचे जास्त लागतात. लहान मुलगा आणि मोठा माणूस फळीच्या झोक्यावर बसले तर मोठ्या माणसाला मधल्या आधाराजवळ सरकावे लागते, त्यातलाच हा प्रकार. सूत्रात मांडायचे तर :

स्वस्त वस्तूचे प्रमाण : महाग वस्तूचे प्रमाण = (महाग भाव − मधला भाव) : (मधला भाव − स्वस्त भाव)

पुस्तकांत यालाच ‘ॲलिगेशन’ची रीत म्हणतात. प्रमाण उलटे लिहिले गेले आहे की काय अशी शंका आली, तर एकच खूण पाहावी : मधला भाव ज्या भावाच्या जवळ असेल, ती वस्तू जास्त. ३१० हा भाव ४०० पेक्षा २५० ला जवळ आहे, म्हणून संकेश्वरी जास्त असणारच. या एका खुणेने आमच्या मुलांच्या निम्म्या चुका कमी झाल्या आहेत.

गिरणीतील मिक्सिंग

आपल्यापैकी अनेकांचे वाडवडील गिरणगावात राबले. १८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या संपानंतर या वस्तीची घडीच बदलली, आणि गिरणीतले शब्दही हळूहळू विस्मरणात गेले. त्यांपैकी एक शब्द ‘मिक्सिंग’. सूत काढण्यापूर्वी निरनिराळ्या प्रतींच्या कापसाच्या गाठी फोडून त्यांचे मिश्रण केले जाई. सगळा कापूस लांब धाग्याचा घेतला तर सूत महाग पडते, सगळा हलका घेतला तर सूत तुटते. मजबुती आणि भाव या दोहोंचा मेळ घालणारे प्रमाण शोधणे, हेच मिक्सिंगचे कसब.

कापसाचा भाव आपल्याकडे अजूनही खंडीवर सांगतात. एक खंडी म्हणजे सुमारे ३५६ किलो, आणि एक गाठ साधारण १७० किलोची. समजा, एक कापूस ६०,००० रुपये खंडी आणि दुसरा ५०,००० रुपये खंडी आहे, आणि मिश्रण ५३,००० रुपयांनी पडायला हवे. महाग कापूस ७,००० वर जातो, स्वस्त ३,००० खाली राहतो. म्हणून महाग ३ गाठी, स्वस्त ७ गाठी. येथे एक सावधगिरी सांगतो. गाठी सारख्या वजनाच्या असल्या तरच त्या मोजून भागते. वजने वेगळी असली तर गाठी नव्हे, किलो मोजावे लागतात.

ही रीत किती जुनी?

ही रीत बाहेरून आली असा काहींचा समज असतो. वास्तविक भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’ या सन ११५० च्या सुमाराच्या ग्रंथात ‘सुवर्णगणित’ या नावाने ती स्पष्ट दिलेली आहे. भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी त्यांच्या नातवाने मठ स्थापन केल्याचा शिलालेख आपल्या जळगाव जिल्ह्यात, चाळीसगावजवळील पाटणे येथे आहे.

सोन्याचा कस त्या काळी ‘वर्णा’त मोजीत, आणि शुद्ध सोने १६ वर्णांचे मानीत. आता आमचे उदाहरण घ्या. १४ वर्णांचे ६ तोळे आणि ११ वर्णांचे ३ तोळे सोने एकत्र आटवले. १४ × ६ = ८४, ११ × ३ = ३३, एकूण ११७, भागिले ९ तोळे = १३ वर्ण. हाच तो आपला पहिला नियम. फक्त भावाच्या जागी कस आला.

पुढची गोष्ट अधिक मनोरंजक आहे. हे सोने तापवून शुद्ध करताना हीण जळून ७.८ तोळे उरले, तर कस किती? ११७ ला आता ९ ने नव्हे, ७.८ ने भागायचे. उत्तर १५ वर्ण. सोने तेवढेच राहिले, वजन घटले, म्हणून कस वाढला. घट झाल्यास उरलेल्या वजनाने भागावे, हा नियमही ‘लीलावती’त आहे. आमच्या मागच्या बाकावरील मुलीने देठांविषयी जो प्रश्न विचारला, तोच प्रश्न साडेआठशे वर्षांपूर्वीच्या गणितज्ञाने सोन्याविषयी सोडवून ठेवला होता!

आज कस कॅरटमध्ये मोजतात. शुद्ध सोने २४ कॅरट. २२ कॅरट म्हणजे हजारात सुमारे ९१६ भाग सोने, म्हणून हॉलमार्कवर ९१६ हा आकडा. १८ कॅरटचा आकडा ७५०. गिरगाव-काळबादेवीकडे दागिना मोडायला जाल तेव्हा हे ध्यानात असू द्या. १८ कॅरटचे १० ग्रॅम सोने आहे, त्यात २४ कॅरटचे किती घातल्यास २२ कॅरट होईल? २४ हे २२ च्या २ वर, १८ हे ४ खाली. म्हणून २४ कॅरटचे २ भाग, १८ कॅरटचा १ भाग. उत्तर २० ग्रॅम.

रुपयातील चांदी

नाण्यांतही हेच गणित होते. १८३५ पासून ब्रिटिश हिंदुस्थानात जो चांदीचा रुपया चालला, त्याचे वजन १८० ग्रेन आणि त्यात चांदी १६५ ग्रेन. उरलेले १५ ग्रेन हिणकस धातू. म्हणजे चांदी आणि हीण यांचे प्रमाण ११ : १. बावीस कॅरट सोन्याचे प्रमाणही नेमके हेच. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात, १९४० पासून, त्याच वजनाच्या रुपयात चांदी निम्म्यावर आणली गेली, आणि १९४७ मध्ये तर रुपया निकेलचा झाला. तोंडावरचा आकडा तोच, आतले प्रमाण बदलले.

रुपयाचे मोल कशावर ठरावे, चांदीवर की सोन्यावर, हा प्रश्न सामान्य माणसाच्या भाकरीशी निगडित आहे हे ओळखून डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी त्यावर ग्रंथ लिहिला. ‘रुपयाचा प्रश्न’ हा त्यांचा इंग्रजी ग्रंथ १९२३ मध्ये लंडनला प्रसिद्ध झाला. परळच्या बी. आय. टी. चाळीतील खोल्यांत अनेक वर्षे राहिलेल्या माणसाने हा विषय हाताळला, ही गोष्ट आमच्या मुलांना आम्ही मुद्दाम सांगतो.

उदाहरण : जुन्या रुपयात १२ पैकी ११ भाग चांदी आणि १९४० नंतरच्या रुपयात १२ पैकी ६ भाग. किती-किती नाणी आटवल्यास १२ पैकी ९ भाग चांदी असलेला धातू मिळेल? जुने २ वर, नवे ३ खाली. म्हणून जुनी ३ नाणी, नवी २ नाणी. पडताळा : ३३ + १२ = ४५, भागिले ५ = ९.

दूध आणि पाणी

पाण्याचा भाव शून्य धरावयाचा, एवढे कळले की दूध-पाण्याची उदाहरणे सोपी होतात. एक विक्रेता दूध ६० रुपये लिटरने घेतो, त्यात पाणी घालून ‘खरेदीच्याच भावाने देतो’ असे सांगून ६० रुपयांनीच विकतो आणि २५ टक्के नफा मिळवितो. पाणी किती?

२५ टक्के नफ्याने भाव ६० येतो, म्हणजे मिश्रण त्याला ४८ रुपयांनी पडले. दूध १२ वर, पाणी ४८ खाली. दूध : पाणी = ४८ : १२ = ४ : १. म्हणजे पाच लिटरमध्ये एक लिटर पाणी. येथे पुष्कळ मुले ‘२५ टक्के नफा, म्हणून २५ टक्के पाणी’ असे लिहितात. ते चूक. पाणी दुधाच्या २५ टक्के आहे, पण मिश्रणाच्या २० टक्के. टक्के कशाचे, हे विचारल्याशिवाय टक्के लिहू नयेत.

त्याचीच दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. म्हशीच्या दुधात साय काढलेल्या दुधाची पावडर आणि पाणी प्रमाणात मिसळून ‘टोन्ड’ दूध करण्याची रीत मुंबईत १९४६ मध्ये दारा खुरोडी यांनी अमलात आणली. १९४९ मध्ये स्थापन झालेल्या आरे दुग्ध वसाहतीशीही त्यांचे नाव जोडलेले आहे, आणि १९६३ चा मॅगसेसे पुरस्कार त्यांना वर्गीस कुरियन व त्रिभुवनदास पटेल यांच्यासमवेत मिळाला. टोन्ड दुधात स्निग्धांश ३ टक्के असावा लागतो. ६ टक्के स्निग्धांशाचे म्हशीचे दूध आणि स्निग्धांश जवळपास नसलेले पावडरीचे दूध सारख्या प्रमाणात मिसळले की ३ टक्के होतात. ६ हे ३ वर, शून्य हे ३ खाली, प्रमाण १ : १. एका लिटरचे जवळपास दोन लिटर झाले, आणि स्वस्त दूध अधिक घरांपर्यंत पोहोचले.

मिसळणे दोन्हीकडे आहे. फरक एवढाच की पहिल्याने प्रमाण लपविले आणि दुसऱ्याने पिशवीवर छापले. दीघनिकायात शीलाचे वर्णन करताना खोटी तागडी, खोटा धातू आणि खोटे माप यांपासून दूर राहण्याचा स्पष्ट उल्लेख आहे. सम्यक आजीविका म्हणजे काय, हे समजायला आमच्या मते याहून जवळचे उदाहरण नाही.

काढून पुन्हा भरणे

४० लिटर दुधाच्या कॅनमधून ४ लिटर काढून तेवढेच पाणी भरले. असे एकूण तीनदा केले. दूध किती उरले? ‘४ × ३ = १२, उरले २८’ असे लिहाल तर चुकेल, कारण दुसऱ्या वेळी काढलेल्या चार लिटरमध्ये थोडे पाणीही जाते. प्रत्येक वेळी कॅनमधील दुधाचा दहावा भाग जातो, नऊ भाग उरतात. ४० चे ३६, ३६ चे ३२.४, आणि ३२.४ चे २९.१६ लिटर. हे उत्तर.

तीन वस्तू असतील तर?

लालबागच्या चिवडा गल्लीतले उदाहरण घेऊ. पोहे ६० रुपये, डाळे १०० रुपये, शेंगदाणे १४० रुपये किलो. मिश्रण ९० रुपयांनी पडावयास हवे. पोहे ३० खाली, डाळे १० वर, शेंगदाणे ५० वर. पोहे २ किलो घेतले तर ६० खाली आले. डाळे १ किलो आणि शेंगदाणे १ किलो घेतले तर १० आणि ५० मिळून ६० वर गेले. प्रमाण २ : १ : १. पण ७ : ६ : ३ हे प्रमाणही बरोबर येते, करून पाहा. तीन वस्तू असल्या की उत्तरे अनेक असतात. त्यांतले कोणते घ्यावे हे परीक्षेत दिलेली जादा अट ठरविते, आणि दुकानात गिऱ्हाइकाची जीभ ठरविते.

सरावासाठी

१. ४८ रुपये आणि ६० रुपये किलोचे तांदूळ मिसळून ५२ रुपये किलोचे ३० किलो मिश्रण करावयाचे आहे. प्रत्येकी किती घ्यावे?
२. ३२ रुपये किलोचा ५ किलो आणि ४० रुपये किलोचा ३ किलो गहू मिसळून ४२ रुपयांनी विकला. शेकडा नफा किती?
३. ४५ लिटर मिश्रणात दूध व पाणी ४ : १ आहे. आणखी किती पाणी घातल्यास प्रमाण ३ : १ होईल?
४. ३०० रुपये किलोची १२ किलो मिरची साफ केल्यावर सहावा भाग घट आली. शेकडा २५ नफा हवा असल्यास काय भावाने विकावी?
५. ४०० आणि ४५० रुपये किलोचे चहा मिसळून ४६२ रुपयांनी विकल्यास शेकडा १० नफा होतो. प्रमाण काय?

उत्तरे : १) ४८ चे २० किलो, ६० चे १० किलो. २) शेकडा २०. ३) ३ लिटर. ४) ४५० रुपये. ५) ४०० चा ३ भाग, ४५० चा २ भाग. (पाचव्या उदाहरणात आधी विक्रीच्या भावावरून खरेदीचा भाव ४२० काढावयाचा असतो. विक्रीचा भाव तसाच मध्ये ठेवणे ही परीक्षेतील नेहमीची चूक.)

शेवटी त्या ताईंविषयी. पुढच्या हंगामात त्यांनी वहीत दोन जादा रकाने आखले. एक ‘किती किलो घेतली’, दुसरा ‘कुटून किती आली’. त्यावरून त्यांनी भाव ठरविला आणि तो गिऱ्हाइकांना कारणासह सांगितला. काही गिऱ्हाइके गेली, बहुतेक राहिली. वही लिहिण्याचे काम आता त्यांचा मुलगा करतो, आणि मिश्रणाच्या उदाहरणात तो सहसा चुकत नाही. आपापल्या घरातील अशी एखादी वही प्रत्येक विद्यार्थ्याने एकदा उघडून पाहावी, एवढी विनंती करून आम्ही हा पाठ पूर्ण करतो.